सगळं दिसतंय, पण खरं वाटत नाही. कुणाला होतं का असं?

कोरांटी
३ ऑगस्ट, रात्री ११:४७

बरेच दिवस लिहू की नको असं चाललं होतं. आज लिहून टाकते.

मी ३४ वर्षांची, पुण्यात नोकरी करते, माहेर साताऱ्याजवळ. एप्रिलमध्ये बाबांना पक्षाघाताचा झटका आला. १९ दिवस दवाखाना. त्यातल्या बहुतेक रात्री मी बाहेरच्या बाकड्यावर बसून काढल्या. बाबा आता बरे आहेत, काठी घेऊन अंगणात चालतात. काळजीचे दिवस सरले आणि मग मला हे सुरू झालं.

मे महिन्यातली सकाळ होती. पोहे परतत होते. उलथनं धरलेल्या हाताकडे लक्ष गेलं आणि तो हात माझा वाटेना. मी हलवला की हलत होता, बोटातली अंगठी माझीच होती, तरी तो कुणा दुसऱ्या बाईचा हात वाटत होता. गॅस बंद करून आरशात पाहिलं. समोरचा चेहरा ओळखीचा होता, इतकंच.

तेव्हापासून रोज होतं. कधी दहा मिनिटं, कधी अख्खा दिवस. रस्ता, माणसं, ऑफिस, सगळं काचेपलीकडे. कानात कापूस घातल्यासारखे आवाज. रंग असतात, पण खूपदा धुतलेल्या कपड्यासारखे. कामात चुका होत नाहीत. मीटिंगमध्ये बोलते तेव्हा माझाच आवाज शेजारच्या खोलीतून आल्यासारखा वाटतो. बाबा पहिल्यांदा जिना उतरले तेव्हा आई रडली. मी बघत राहिले. आनंद झाला असणार, पण तो माझ्यापर्यंत पोचला नाही.

दोन प्रश्न आहेत. हे कुणाला झालंय का? आणि दुसरा, जो मला जास्त छळतो: घरी हे कोणत्या शब्दांत सांगायचं? 'चक्कर येते' म्हटलं की आई लिंबूसरबत करते. 'उदास वाटतं' म्हटलं की नवरा टेकडीवर फिरायला नेतो. दोघंही मायेनं करतात. पण मला ते म्हणायचंच नसतं.

सह्यवारा
४ ऑगस्ट, पहाटे १२:२०

मला आजवर वाटायचं, हे जगात फक्त मलाच होतं.

तळ्याकाठी
४ ऑगस्ट, सकाळी ७:०५

बाळंतपणानंतर दोन महिने असं होतं. बाळाला पाजताना वाटायचं, हे शेजारणीचं बाळ आहे आणि ती येईपर्यंत मला सांभाळायचं आहे. प्रेम वाटत नाही म्हणून आतून कुरतडली जायचे. सासूबाईंनी मीठमोहरीनं दृष्ट काढली. त्यांच्या हाताला थरथर होती, इतक्या घाबरल्या होत्या त्या. आज लेक नऊ वर्षांची आहे आणि मला चिकटूनच झोपते. हळूहळू गेलं. कोणत्या दिवशी ते सांगता येत नाही.

बदलापूर_फास्ट
४ ऑगस्ट, सकाळी ९:४०

मला रोज होतं की! बदलापूरला चढतो आणि एकदम दादरलाच भान येतं. मधली कल्याण, डोंबिवली, ठाणे कुठे गेली पत्ता नसतो. गर्दी, घाम, तोच तो प्रवास, मन स्वतःला बंद करून घेतं. ताई, फार मनावर घेऊ नका, शहरात राहणाऱ्या सगळ्यांचंच हे झालंय. मोबाइल कमी करून बघा.

निवांत_बाक
४ ऑगस्ट, दुपारी २:१५

मी मानसोपचारतज्ज्ञ आहे, नाशिक जिल्ह्यात प्रॅक्टिस करतो. इथे निदान करणार नाही. पण कोरांटीताईंनी इतकं नेमकं लिहिलंय की थोडं सविस्तर उत्तर द्यायलाच हवं.

याला वैद्यकात नाव आहे. स्वतःचं शरीर, आवाज, भावना परक्या वाटणं म्हणजे डीपर्सनलायझेशन. भोवतालचं जग खोटं, सपाट, धुक्यातलं वाटणं म्हणजे डीरिअलायझेशन. पहिला शब्द १८९८ मध्ये फ्रान्सच्या ल्युडोविक डुगा यांनी या अनुभवासाठी वापरात आणला. दुसरा प्रकार त्यापासून वेगळा करून दाखवला मायर-ग्रॉस यांनी १९३५ मध्ये. बहुतेकांना दोन्ही मिळून होतात, म्हणून हल्ली एकत्रच धरतात.

वेड लागतंय का, ही भीती माझ्याकडे येणारा जवळजवळ प्रत्येक जण घेऊन येतो. ताई, तुम्ही लिहिलंय, 'हात माझा वाटेना'. 'हात माझा नाही' असं लिहिलेलं नाही. सगळा फरक त्या 'वाटेना'मध्ये आहे. भ्रमाच्या आजारात माणसाला खात्री असते की हात बदललाय, कुणीतरी बदललाय. तुम्हाला तो तुमचाच आहे हे पक्कं ठाऊक आहे आणि तरी तसं जाणवत नाही. वास्तवाचं भान शाबूत आहे, त्याची ऊब गेली आहे.

क्षणभराचा असा अनुभव फार लोकांना येतो. निरनिराळ्या पाहण्यांमध्ये, आयुष्यात कधीतरी असं झालं म्हणणाऱ्यांचं प्रमाण २६ ते ७४ टक्के आलं आहे. तो टिकून राहून आजाराचं रूप घेणं मात्र शंभरात एक-दोघांना. कारणांत सगळ्यात वरची म्हणजे तीव्र काळजी, पॅनिकचे झटके, सलग जागरणं, नैराश्य, लहानपणचे आघात, गांजा. काहींना अर्धशिशी किंवा फिट्सच्या आजाराचा भाग म्हणूनही होतं.

बदलापूरकरांचं जे होतं ते निराळं. तिथे मन दुसरीकडे गेलेलं असतं आणि हाक मारली की परत येतं. यात मन तिथेच असतं, डोळे टक्क उघडे ठेवून, आणि परत येण्याचा रस्ता सापडत नाही.

बदलापूर_फास्ट
४ ऑगस्ट, दुपारी ३:०२

समजलं डॉक्टर. ताई, माफ करा, मी फार सोपं करून टाकलं.

ओंजळ
४ ऑगस्ट, संध्याकाळी ६:३०

'वेडाची भीती' यावरून माझा अनुभव. मला हे व्हायचं ते फक्त एक-दीड मिनिट. आधी पोटातून काहीतरी वर चढल्यासारखं, मग रबर जळाल्याचा वास, मग खोली एकदम लांब जायची आणि बोलणाऱ्याचे शब्द कळेनासे व्हायचे. हुबेहूब तसंच, आठवड्यातून तीन-चारदा. चार वर्षं सगळ्यांनी 'टेन्शन घेतेस' म्हणून सोडून दिलं. शेवटी एका तरुण डॉक्टरबाईंनी ईईजी, म्हणजे मेंदूच्या विद्युतलहरींचा आलेख, काढायला लावला. टेम्पोरल लोबचा, म्हणजे मेंदूच्या कानशिलाकडच्या भागातला, फिट्सचा आजार निघाला. हातपाय न आखडणारी फिटही असते हे मला तोवर माहीत नव्हतं. गोळ्या सुरू आहेत, दोन वर्षांत एकदाही झालेलं नाही.

कोरांटीचं तसं वाटत नाही. पण हा धागा पुढे कुणीतरी शोधत येईल त्याच्यासाठी लिहून ठेवते: एकाच साच्यातले, थोडक्या वेळाचे झटके येत असतील तर मेंदूच्या डॉक्टरला दाखवा.

निवांत_बाक
४ ऑगस्ट, रात्री ८:११

ओंजळ, तुमच्या प्रतिसादाखाली माझी सही. थायरॉइड, बी१२, साखर या तपासण्याही करून घ्याव्यात. मन आणि शरीर यांच्या फायली वेगळ्या ठेवायची सवय वाईट आहे.

अद्वैत_वाट
५ ऑगस्ट, सकाळी ६:१०

मी थोडं वेगळं मांडतो. देह माझा नाही, जग दिसतं तसं सत्य नाही, हे कळावं म्हणून लोक आयुष्य वेचतात. कोरांटीताईंना ते आपोआप जाणवतंय. आपल्याकडे याला साक्षीभाव म्हणतात. पाश्चात्त्य वैद्यकाकडे याचा चष्मा नाही म्हणून ते आजार म्हणतात. घाबरण्याऐवजी शांत बसून त्यात उतरावं असं मला वाटतं.

रानजाई
५ ऑगस्ट, सकाळी १०:४५

अद्वैत_वाट, आदर राखून, पण मी याच्या अगदी विरुद्ध आहे आणि अनुभवावरून आहे.

तीन वर्षांपूर्वी मी दहा दिवसांच्या मौन शिबिराला गेले. कुठल्या ते सांगत नाही, आयोजक मनापासून काम करणारे होते. अर्ज भरताना मानसिक त्रासाबद्दल विचारलं होतं. पॅनिकचे झटके येऊन गेल्याचं मी लपवलं, ती माझी चूक. सातव्या दिवशी श्वास बघता बघता श्वास घेणारं कुणी उरलंच नाही. एक क्षण वाटलं, हेच ते. पुढच्या क्षणी अशी भीती दाटली की मी भिंतीला पाठ लावून पहाटेपर्यंत बसले. घरी आले तरी ते गेलं नाही. आठ महिने नवऱ्याचा चेहरा फोटोतल्यासारखा दिसायचा.

साक्षीभाव ज्यांना लाभला त्या माणसांजवळ बसले आहे मी. माझी आजी त्यातली. तिला स्वतःच्या देहाचं काही वाटत नसे, पण गोठ्यातली गाय हंबरली की ती आधी उठायची. जगाबद्दलची माया तिच्यात वाढली होती. माझ्यातली आटली होती. वरून दोन्ही सारखं दिसतं म्हणून एकच नाव देऊ नका. आधीच घाबरलेल्या बाईला 'त्यात उतर' सांगणं मला धोक्याचं वाटतं.

कोरांटी
५ ऑगस्ट, दुपारी १:२०

रानजाई, 'माया आटली' हे वाचून ऑफिसच्या स्वच्छतागृहात जाऊन रडले. खूप दिवसांनी रडता आलं.

अद्वैत_वाट, तुम्ही चांगल्या मनानं लिहिलंत हे कळतं. पण मला मुक्ती नको आहे हो. मला बाबा जिना उतरल्याचा आनंद हवा आहे.

अद्वैत_वाट
५ ऑगस्ट, रात्री ९:३०

ताई, तुमचं शेवटचं वाक्य तीनदा वाचलं. माझा सल्ला मागे घेतो. रानजाईंच्या आजीचं उदाहरण माझ्या सगळ्या वाचनापेक्षा जास्त सांगून गेलं.

तेरणाकाठ
५ ऑगस्ट, रात्री ११:१५

हे कधी कुठे लिहिलं नव्हतं.

३० सप्टेंबर १९९३. आमचं गाव औसा तालुक्यात. आदल्या दिवशी अनंत चतुर्दशी, विसर्जन करून सगळे दमून झोपलेले. मी अकरा वर्षांचा. पहाटे ३:५६ ला जमीन हलली. मी आणि चुलता बाहेर ओसरीत होतो म्हणून वाचलो. दगडमातीची जाड भिंत, वर मातीचं माळवद, सगळं आत बसलं. उजाडल्यावर मी ढिगाऱ्यासमोर उभा होतो आणि मला एवढंच वाटत होतं की कुणाचं तरी घर पडलंय, बिचाऱ्यांचं. आवाज नव्हता. माणसं तोंड उघडत होती, पण आवाज नव्हता. मी रडलो नाही. शेजारच्या आजींनी 'रड रे लेकरा' म्हणून पाठीत बुक्क्या मारल्या, तरी नाही. घरातली चार माणसं गेली होती.

पुढे कित्येक वर्षं मी स्वतःला दगड समजत आलो. आईसाठी न रडणारा मुलगा. आज डॉक्टरांचं आणि तुम्हा सगळ्यांचं वाचून पहिल्यांदा वाटतंय की तो पोरगा दगड नव्हता. असंच असतं का डॉक्टर?

निवांत_बाक
६ ऑगस्ट, सकाळी ७:३०

हो दादा. अगदी असंच असतं.

१९७० च्या दशकात अमेरिकेत नॉयस आणि क्लेटी या दोन संशोधकांनी मृत्यूच्या तोंडातून परत आलेल्या माणसांचे अनुभव गोळा केले होते. अपघात, पडणं, बुडणं. अनेकांनी हेच सांगितलं: काळ संथ झाला, भावना गेल्या, आपण आपल्याला लांबून बघतोय असं वाटलं. जे सोसवणार नाही ते समोर आलं की मेंदू भावनांची फ्यूज काढून ठेवतो, म्हणजे माणूस निदान उभा राहू शकतो. त्या सकाळी अकरा वर्षांच्या मुलाला उभं राहायचं होतं. त्यानं आईवर प्रेम केलं नाही, असा याचा अर्थ कधीच नव्हता.

कोरांटीताईंची फ्यूज दवाखान्यातल्या १९ रात्रींत गेली असावी. संकट सरल्यावरही ती परत बसवायची राहून गेली, असं समजा.

सह्यवारा
६ ऑगस्ट, सकाळी ८:०२

तेरणाकाठ दादा, तुम्हाला मिठी.

कॅलगरीकर
६ ऑगस्ट, सकाळी १०:५०

मी कॅनडात आलो तो पहिला जानेवारी. उणे तीस. साडेचारच्या सुमाराला दिवस मावळायचा, रस्त्यावर माणूस नाही, सगळं पांढरं आणि आवाजच नाही. मी कोपरगावचा, लाऊडस्पीकरवर वाढलेला! तिसऱ्या आठवड्यात बसथांब्यावर उभा असताना वाटलं, मी इथे नाहीच, हा कुणीतरी माझा कोट घालून उभा आहे.

मला उपयोग झाला तो बोलण्याचा. थांब्यावर उभं राहून मोठ्यानं, खणखणीत मराठीत पाढे म्हणायचो. एकोणतीसचा पाढा. जीभ अडखळली की मी परत माझ्यात. एक दिवस मागून आवाज आला, 'एकोणतीस सत्ते दोनशे तीन!' नागपूरचे काका निघाले, त्याच बसने जाणारे. आज ते माझे सासरे आहेत. :)

बदलापूर_फास्ट
६ ऑगस्ट, सकाळी ११:१२

एकोणतीसच्या पाढ्यानं लग्न जमल्याचं पहिलंच उदाहरण! उद्यापासून आमच्या डब्यात सुरू करतो.

पाटीपेन्सिल
६ ऑगस्ट, दुपारी १२:४०

थोडं अवांतर, पण जवळचंच. मी शाळेत मराठी शिकवते. मुलांना शुद्धलेखनासाठी एकच शब्द वीसपंचवीसदा लिहायला दिला की कुणीतरी हमखास म्हणतं, 'बाई, हा शब्द चुकीचा वाटायला लागला.' तुम्हीही करून बघा. 'दार' हा शब्द तीसेकदा लिहा. अर्थ गळून पडतो, द, काना, र एवढंच उरतं. ओळखीचं अनोळखी होणं, याला झामे व्यू म्हणतात. यावरच्या प्रयोगाला २०२३ चं साहित्याचं इग नोबेल (आधी हसवणाऱ्या, मग विचार करायला लावणाऱ्या संशोधनाचं गमतीदार बक्षीस) मिळालं, त्यात माणसांना शब्द पुन्हा पुन्हा लिहायला लावले होते. तीसेक वेळा झालं की अनेक जण थांबत होते.

म्हणजे ओळख पटणं आणि ओळखीचं वाटणं ही मेंदूची दोन वेगळी कामं असावीत, असं मला त्यावरून वाटलं. कोरांटीचं पहिलं काम चोख चाललंय, दुसरं थकलंय.

तळ्याकाठी
६ ऑगस्ट, दुपारी ३:२५

आम्ही घरी सगळ्यांनी 'दार' लिहिलं. लेकीचा शब्द अठराव्याला बंद पडला, माझा सव्विसाव्याला. सासऱ्यांनी पन्नास लिहिले आणि म्हणाले, 'दारच आहे, काय झालंय त्याला?' पोस्टात चाळीस वर्षं शिक्के मारलेला माणूस!

पाहुणा_२०
७ ऑगस्ट, पहाटे २:५५

नवीन आयडी काढून लिहितोय. इंजिनिअरिंगला आहे, होस्टेलवर. फेब्रुवारीत मित्रांबरोबर एकदाच गांजा ओढला. छाती धडधडली, मरतोय असं वाटलं, आणि दुसऱ्या दिवसापासून कोरांटीताईंनी लिहिलंय तेच सुरू झालं. सहा महिने झाले. रोज रात्री नेटवर वाचतो, कुणी लिहिलंय कायमचं राहतं, कुणी लिहिलंय मेंदू जळतो. दर दहा मिनिटांनी हाताकडे बघून तपासतो, गेलं का. घरी सांगू शकत नाही, कारण गांजाचं सांगावं लागेल. वडील शेती करून फी भरतात.

निवांत_बाक
७ ऑगस्ट, सकाळी ६:४०

बाळा, तू जागा असशील तर आधी हे वाच: मेंदू जळालेला नाही.

गांजानंतर हे सुरू झालेली बरीच तरुण मुलं मी पाहिली आहेत. हा त्रास सुरू होण्याचं सरासरी वयच सोळाच्या आसपास धरलं जातं. गांजाला पुन्हा हात लावायचा नाही, एवढं पक्कं.

आता तुझं ते दर दहा मिनिटांनी तपासणं. विचित्र वाटतं, म्हणून माणूस घाबरतो. घाबरला की सारखं आत बघतो. स्वतःकडे टक लावून बघितलं की कुठलाही हात परकाच दिसतो, पाटीपेन्सिलच्या 'दार'सारखा. मग अजून घाबरतो. भोवरा फिरत राहतो. बोलण्याच्या उपचारात, ज्याला सीबीटी म्हणतात, आम्ही याच भोवऱ्यावर काम करतो. फक्त याच त्रासासाठी मंजूर झालेलं औषध आजही नाही. पण सोबतची काळजी, नैराश्य यांच्यावर चांगली औषधं आहेत आणि ती उतरली की हेही अनेकदा सैल होतं.

टेलि-मानस या मानसिक आरोग्याच्या फोनसेवेचा १४४१६ हा क्रमांक आहे. सरकारी आहे, चोवीस तास, फुकट, मराठीत बोलता येतं. आज कॉलेज सुटलं की फोन कर. आणि रात्री अडीचला नेटवर याविषयी वाचणं आजपासून बंद. झोप हे तुझं पहिलं औषध.

रानजाई
७ ऑगस्ट, सकाळी ९:१५

पाहुणा, आईला आधी सांग. सगळं एकदम सांगायची गरज नाही. मी दोन मुलांची आई म्हणून सांगते, पोरगं सहा महिने एकट्यानं हे सोसतंय हे नंतर कळलं तर गांजापेक्षा त्याचंच जास्त दुःख होईल.

सह्यवारा
७ ऑगस्ट, सकाळी ११:३०

तेवढ्यापुरतं जमिनीवर यायला कोण काय करतं ते लिहा ना. मी आल्याचा तुकडा चावतो. झणका असा बसतो की डोळ्यांत पाणी, आणि ते पाणी माझंच असतं.

तळ्याकाठी
७ ऑगस्ट, दुपारी १२:१०

अनवाणी शहाबादी फरशीवर. उन्हाळ्यातसुद्धा गार लागते.

ओंजळ
७ ऑगस्ट, दुपारी १२:५५

भाकरी थापणं. ज्वारीचं पीठ मळताना तळव्याला कळतं, पाणी कमी आहे की जास्त. हात परका असता तर त्याला कसं कळलं असतं?

पाटीपेन्सिल
७ ऑगस्ट, दुपारी २:००

दिसणाऱ्या पाच गोष्टी, स्पर्शाच्या चार, ऐकू येणाऱ्या तीन, वासाच्या दोन, चवीची एक. ही रीत समुपदेशिकेनं शिकवली होती. मी बाजारात करते. मंडईत वासाच्या दोनवर थांबणं अवघड, कोथिंबिरीपासून सुक्या मासळीपर्यंत रांगच लागते.

निवांत_बाक
७ ऑगस्ट, रात्री ८:४५

सगळे उपाय छान आहेत. एकच सांगणं: आलं चावून लगेच 'गेलं का?' असं विचारू नका. नाहीतर आलंही तपासणीचं यंत्र होऊन बसतं. भाकरी भाकरीसाठी थापा. ते गेलं तर गेलं, नाही गेलं तर भाकरी आहेच.

तेरणाकाठ
११ ऑगस्ट, रात्री १०:२०

काल बायकोला ती सकाळ सांगितली. लग्नाला अठरा वर्षं झाली, पहिल्यांदा. ती काही बोलली नाही, हात धरून बसली. मला रडू आलं नाही, पण गळा दुखत होता. इथे कळवावंसं वाटलं.

कोरांटी
१७ ऑगस्ट, रात्री १०:०५

उशिरा आले, पण सगळं वाचत होते.

डॉक्टरांकडे जाऊन आले. थायरॉइड ठीक. बी१२ कमी आहे, त्याची इंजेक्शनं सुरू झाली, पण तेवढ्यानं हे होत नाही असं त्या म्हणाल्या. काळजीवर एक गोळी दिली आहे आणि दर गुरुवारी समुपदेशन. त्यांनी पहिल्याच भेटीत विचारलं, 'त्या १९ रात्रींत तुम्ही कधी घाबरलात?' मला एकही क्षण आठवेना. औषधं आणणं, बिलं भरणं, सह्या करणं, सगळं आठवतं. भीती आठवत नाही. त्या म्हणाल्या, 'ती कुठेतरी ठेवलेली असेल, सावकाश शोधू.'

आता दुसऱ्या प्रश्नाचं, शब्दाचं. शनिवारी सातारला गेले होते. आई आमटी करत होती, मी ओट्याला टेकून उभी. काच, धुकं, कापूस, सगळं सांगून झालं. आईनं पळीनं थोडी आमटी तळहातावर घेतली, चाखली, मीठ टाकलं आणि माझ्याकडे न बघता म्हणाली, 'म्हणजे सगळं अळणी लागतंय.'

मी बघतच राहिले. डाळ तीच, फोडणी तीच, रंग तोच, नाव ठेवायला जागा नाही, आणि घास मात्र जिभेला लागत नाही. चार महिने मी शब्द शोधत होते आणि तो आईच्या मिठाच्या बरणीत होता.

मग ती म्हणाली, 'मलाही झालं होतं. तुझा भाऊ झाला तेव्हा. तीन महिने. कुणाला सांगायचं, काय सांगायचं? अंगारा लावला, दृष्ट काढली, मी गप्प बसले.' तळ्याकाठी, तुझाच प्रतिसाद मला आईच्या तोंडून ऐकू आला. तेव्हा आई सत्तावीस वर्षांची होती. मी चार वर्षांची, तिच्या पदराला धरून फिरत असणार, आणि तिला मी अळणी लागत होते. मला तिचा राग आला नाही. तिच्या त्या तीन महिन्यांचं फार वाईट वाटलं.

आता रोज रात्री तिचा फोन येतो. 'कशी आहेस' विचारत नाही. विचारते, 'आज मीठ किती?' मी सांगते. बऱ्याचदा 'नाहीच'. दोनदा 'चिमूटभर' सांगितलं. एकदा बाबा मागून ओरडले, 'तिला सांग, डॉक्टरनं मला पण कमीच सांगितलंय!' त्यावर मला हसू आलं. आलं म्हणजे खरंच आलं, माझ्याच गळ्यातून.

ओंजळ
१७ ऑगस्ट, रात्री १०:४०

अळणी. बरोबर. अगदी बरोबर.

निवांत_बाक
१८ ऑगस्ट, सकाळी ७:१५

ताई, परवानगी असेल तर हा शब्द माझ्या ओपीडीत वापरेन. खेड्यातून येणाऱ्या बायकांना 'जग खोटं वाटतं का' विचारलं की त्या बिचकून 'नाही' म्हणतात. 'सगळं अळणी लागतं का' विचारलं तर सांगतील, असं मला वाटतं.

कोरांटी
१८ ऑगस्ट, सकाळी ८:३०

खुशाल वापरा. आईला सांगितलं, ती म्हणाली, 'त्यात काय मोठं, सगळेच म्हणतात.'

पाहुणा_२०
२२ ऑगस्ट, रात्री ९:५०

ताई, १४४१६ ला तीनदा बोललो. मराठीतच. त्यांनी आमच्या जिल्ह्याच्या सरकारी दवाखान्यातली वेळ सांगितली, बुधवारी जाऊन आलो. झोप बरी आहे. हाताकडे बघणं कमी झालंय, आज मोजून चारदाच.

उद्या घरी जातोय, पोळा आहे. बैल धुवायला वडिलांबरोबर ओढ्यावर असेन. आईला त्याआधी सांगणार आहे. आमच्याकडे आळणी म्हणतात.

कोरांटी
२२ ऑगस्ट, रात्री १०:०२

सांगितलंस की कळव. मी जागी आहे.